काच नाही, आधी रबर बघा

पावसात गाडीत पाणी आलं की आपली नजर छपराकडे जाते, दाराकडे जाते. पुढच्या काचेभोवतीच्या काळ्या रबराकडे मात्र कुणीच बघत नाही. हे रबर बदलायचं कसं, ते काम स्वतः कधी करायचं आणि कधी त्याला हातही लावायचा नाही, याविषयी...

जूनचा दुसरा आठवडा. ग्रुपवर माळशेजचा प्लॅन शिजतोय. पेट्रोलचे पैसे कोण किती देणार यावर भांडण झालंय आणि मिटलंयही. गाडी तुमची. म्हणजे बाबांची, आणि त्याआधी काकांची. रात्रभर पाऊस पडून गेलाय. सकाळी तुम्ही दार उघडता आणि ओल्या गोणपाटासारखा वास नाकात शिरतो. पायाखालचं मॅट उचलता, तर खाली चक्क पाण्याचं थारोळं!

मग सुरू होतात सल्ले. एक म्हणतो, काच रात्री उघडी राहिली असेल. दुसरा म्हणतो, दाराचं रबर गेलंय. तिसरा थेट म्हणतो, विकून टाक रे हा डबा. पुढच्या काचेभोवती जी काळी चौकट असते, तिच्याकडे कुणाचं लक्षच जात नाही. ती तिथे शोभेसाठी आहे असंच आपल्याला वाटत असतं.

ती शोभेसाठी नाही. कॉलेजच्या पार्किंगमध्ये आजही दिसणाऱ्या कित्येक जुन्या गाड्यांमध्ये समोरची अख्खी काच त्या एका रबराने धरून ठेवलेली असते. ना स्क्रू, ना खिळा, ना गोंद. मारुती 800 घ्या, ओम्नी घ्या, अँबेसेडर घ्या किंवा मुंबईकरांची लाडकी प्रीमियर पद्मिनी घ्या. पद्मिनीची शेवटची टॅक्सी 29 ऑक्टोबर 2003 ला ताडदेव आरटीओत नोंदली गेली होती. मुंबईत टॅक्सीचं वय 20 वर्षांपर्यंतच चालतं, म्हणून 30 ऑक्टोबर 2023 पासून काळी-पिवळी पद्मिनी रस्त्यावरून गेली. मारुती 800 चं उत्पादन 2014 च्या जानेवारीत थांबलं, त्याच वर्षी मे महिन्यात अँबेसेडरचंही. ओम्नी 2019 मध्ये बंद झाली. गाड्या बनायच्या थांबल्या, पण घरोघरी त्या अजून आहेत. शिकाऊ लायसन्स हातात आलं की आपल्या वाट्याला पहिल्यांदा याच येतात.

म्हणून हा लेख. गाडी जुनी असेल तर हे काम एका मित्राला सोबत घेऊन तुम्ही स्वतः करू शकता. गाडी नवी असेल तर मात्र अजिबात करायचं नाही. हा फरक कळला, तरी अर्धं काम झालं असं समजा.

पहिला प्रश्न : रबर की गोंद?

गाडीपुढे उभे राहा आणि काचेची कड नीट बघा. काचेभोवती अंगठ्याएवढं रुंद, जाड रबर दिसतंय का? आत बसून बघितलं तरी तेच रबर दिसतंय का? नखाने त्याची कड थोडी उचलली तर खाली पत्रा दिसतोय का? तिन्ही उत्तरं ‘हो’ असतील तर तुमची काच रबराची.

आता शेजारी उभी असलेली एखादी अलीकडची हॅचबॅक बघा. तिथे काचेभोवती एक बारीकशी पट्टी असते, कधी तीही नसते. पण काचेच्याच कडेने आतून एक काळा पट्टा छापलेला असतो आणि आत येता येता तो काळ्या ठिपक्यांमध्ये विरत जातो. ती नक्षी आहे असं आपल्याला वाटतं. प्रत्यक्षात तो काचेवर भाजून पक्का केलेला सिरॅमिकचा थर असतो. त्याच्यामागे पॉलियुरेथेन नावाचा ताकदवान गोंद असतो आणि ऊन लागून तो खराब होऊ नये म्हणून हा काळा पडदा. म्हणजे ही काच गोंदाची. बाहेरची बारीक पट्टी फक्त फट झाकते, ती काच धरत नाही.

दोन्ही काचा लांबून सारख्याच दिसतात. काम मात्र पूर्ण वेगळं. आधी रबराची काच बघू.

‘एच’ अक्षराची कमाल

हे रबर चाकूने आडवं कापून बघितलं तर ते इंग्रजी ‘एच’ अक्षरासारखं दिसतं. म्हणजे दोन बाजूंना दोन खाचा. एका खाचेत काचेची कड बसते. दुसऱ्या खाचेत गाडीच्या पत्र्याची कड बसते. रबर दोघांना चिमटीत धरतं. गाडी खड्ड्यातून गेली की पत्रा थोडा पिळवटतो, काच पिळवटत नाही. हा फरक रबर स्वतःवर झेलतं, म्हणून काच तडकत नाही. पाणी अडवणं हे त्याचं दुसरं काम.

काही रबरांमध्ये बाहेरच्या बाजूला आणखी एक बारीक चीर असते आणि तिच्यात वेगळी पट्टी दाबून बसवलेली असते. तिला लॉक पट्टी म्हणतात. ती आत गेली की रबर फुगतं आणि पकड घट्ट होते. जुन्या गाड्यांवर काचेभोवती जी चकचकीत क्रोमची रेघ दिसते, ती अनेकदा अशाच चिरेत बसलेली असते.

आता हे रबर म्हातारं का होतं? ऊन, उष्णता आणि हवेतला ओझोन. नैसर्गिक रबराला ओझोन लागला की त्यावर बारीक भेगा पडतात. म्हणून अशा कामासाठी हल्ली ‘ईपीडीएम’ नावाचं कृत्रिम रबर वापरतात, ते ऊन आणि ओझोन दोन्हींसमोर चांगलं टिकतं. पण तेही अमर नाही. वर्षं गेली की ते कडक होतं, आक्रसतं आणि कोपऱ्यांतून सुटायला लागतं. म्हणून गळती बघायची तर आधी कोपरे बघा.

आणि एक सवय सोडा. गाडी धुतल्यावर रबर चमकावं म्हणून काही जण त्यावर डिझेल किंवा जुनं ऑइल फिरवतात. दोन दिवस रबर काळंभोर दिसतं, खरं आहे. पण ईपीडीएमचं आणि खनिज तेलाचं वैर आहे. तेल मुरलं की रबर फुगतं, मऊ पडतं आणि त्याची पकड जाते. रबर साध्या साबणाच्या पाण्याने पुसा, तेवढं पुरे.

आधी चोर पकडा

मॅट ओलं आहे म्हणून लगेच रबर बदलायला जाऊ नका. गाडीत पाणी शिरायचे रस्ते बरेच आहेत. पाऊस नसताना, फक्त एसी चालवल्यावर डाव्या बाजूला पायापाशी ओल येत असेल तर एसीचं पाणी बाहेर टाकणारी नळी तुंबलेली असू शकते. वायपरच्या खालच्या जाळीत गुलमोहराचा पाला साचला असेल तर पाणी बाहेर जायची वाटच बंद होते आणि ते आत वळतं. दाराच्या आतलं प्लॅस्टिक फाटलं असेल तर पाणी दारातून येतं.

म्हणून आधी परीक्षा घ्या. एक जण गाडीत, हातात टॉर्च आणि टिश्यू पेपर. दुसरा बाहेर, हातात पाण्याची नळी. फवारा जोरात मारायचा नाही, पाणी नुसतं वाहू द्यायचं. सुरुवात काचेच्या खालच्या कडेपासून करायची आणि हळूहळू वर जायचं. वरून सुरुवात केलीत तर पाणी खाली ओघळत येतं आणि नेमकी फट कोणती ते कळतच नाही. प्रत्येक ठिकाणी दोन-तीन मिनिटं थांबा. आतल्याने टिश्यू रबराच्या कडेने फिरवत राहायचं. टिश्यू जिथे पहिल्यांदा ओला होईल तिथे बाहेरून खडूची खूण करा.

पाणी आत येतं एका जागी आणि टपकतं दुसऱ्याच जागी, हे मात्र लक्षात असू द्या. वरच्या कोपऱ्यातून शिरलेलं पाणी खांबाच्या आतून उतरत थेट तुमच्या बुटापाशी पोचतं. म्हणून टपकणाऱ्या जागेवर जाऊ नका, माग काढत वर जा.

सिलिकॉनचा मोह

चोर सापडला. आता कुणीतरी म्हणणारच, “दादा, कशाला रबर बदलता? सिलिकॉनची ट्यूब मारतो, पाच मिनिटांचं काम.”

मोह होतो. खिशात पैसे नसतात, ट्रिप उद्यावर आलेली असते. एक पावसाळा काढायचा असेल तर हे चालूनही जातं. पण त्यात मेख अशी की सिलिकॉन बाहेरची फट बुजवतं, आत आधीच शिरलेलं पाणी बाहेर काढत नाही. उलट रबराखाली अडकलेल्या पाण्याला बाहेर पडायची जी एक फट होती, तीही बंद होते. पाणी पत्र्याला चिकटून बसतं आणि गंज आतल्या आत पसरत जातो. शिवाय घरगुती सिलिकॉनच्या काही ट्यूब सुकताना व्हिनेगरसारखा आंबट वास सोडतात. ते ॲसिटिक आम्ल असतं. उघड्या पत्र्याला ते गंजवतंच.

आणि पुढे रबर बदलायची वेळ आलीच, तर आधी ते सिलिकॉन खरवडण्यात अर्धा दिवस जातो. त्यावर रंग धरत नाही, ते वेगळंच.

दोघांचं काम, एक दोरी

आता मुख्य काम. सामान फार नाही : तुमच्या मॉडेलचं नवं रबर, चार-पाच मिलिमीटर जाडीची गुळगुळीत नायलॉनची दोरी, साबणाचं पाणी, पेपर कटर, जाड हातमोजे, डोळ्यांना गॉगल आणि जुन्या चादरी. रबर पुण्यात नाना पेठेत, मुंबईत ऑपेरा हाउसच्या स्पेअर पार्ट बाजारात किंवा कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर शोधा. दुकानात ‘काचेचं रबर’ म्हणा किंवा ‘बीडिंग’ म्हणा, लगेच कळतं. मॉडेल आणि साल दोन्ही सांगा. जमलं तर जुन्या रबराचा इंचभर तुकडा कापून सोबत न्या. छेद जुळला पाहिजे, नुसती लांबी जुळून भागत नाही.

आणखी एक गोष्ट आधीच तपासा. काचेच्या कोपऱ्यात बारीक अक्षरात काय छापलंय ते वाचा. ‘लॅमिनेटेड’ असेल तर ती दोन काचांचं सँडविच आहे, मध्ये प्लॅस्टिकचा पातळ पडदा. फ्रेंच रसायनतज्ज्ञ एदुआर बेनेदिक्तुस यांच्या प्रयोगशाळेत 1903 मध्ये एक काचपात्र खाली पडलं. ते तडकलं, पण विखुरलं नाही, कारण आत सेल्युलोज नायट्रेटचा थर सुकून बसला होता. लॅमिनेटेड काचेची कल्पना त्यांना तिथून सुचली. 1989 च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या नियम 100 ने आपल्याकडेही पुढची काच लॅमिनेटेड असणं सक्तीचं केलं. फार जुन्या गाडीवर ‘टफन्ड’ असं छापलेलं सापडू शकतं. तशी काच कडेला फटका बसला तर एका क्षणात साबुदाण्यासारखी भुगा होते. तसं असेल तर आहे तीच काच परत बसवण्यापेक्षा लॅमिनेटेड काच घेणं शहाणपणाचं.

काढताना : वायपर काढा, आतला आरसा काढा. बॉनेटवर आणि डॅशबोर्डवर चादर टाका. जुनं रबर तसंही फेकायचं आहे, त्यामुळे ते सोलून काढायची कसरत करू नका. बाहेरून काचेवर आलेली रबराची कड पेपर कटरने गोल कापून टाका. ब्लेड काचेच्या बाजूने चालवा, पत्र्याच्या रंगावर नाही. मग एकाने आत बसून दोन्ही तळहातांनी वरच्या कोपऱ्यांपाशी सावकाश दाबायचं, दुसऱ्याने बाहेर काच झेलायला तयार राहायचं. आणखी एक मित्र मिळाला तर उत्तमच. काच निघाली की गादीवर किंवा चादरीच्या घडीवर आडवी ठेवा. फरशीवर तिरकी टेकवून उभी करू नका, लॅमिनेटेड काच कडेपासूनच तडकते.

बसवताना : नवं रबर आधी पंधरा-वीस मिनिटं उन्हात ठेवा, मऊ पडतं. ते काचेभोवती चढवा. रबर तयार गोल नसून लांब पट्टीतून कापलेलं असेल तर मापापेक्षा सेंटिमीटरभर जास्त ठेवा आणि सांधा दाबून बसवा, कारण रबर पुढे आक्रसणार आहे. सांधा कोपऱ्यात येऊ देऊ नका. आता पत्र्यासाठी जी खाच आहे, तिच्यात दोरी सगळीकडून गोल फिरवून बसवा. दोरीची दोन्ही टोकं खालच्या कडेच्या मध्यावर एकमेकांवरून जाऊन गाडीच्या आत लोंबली पाहिजेत.

पत्र्याच्या कडेला आणि रबराला साबणाचं पाणी लावा. दोघांनी मिळून काच बाहेरून चौकटीवर टेकवा, खालची कड आधी. आता आतला माणूस दोरीचं एक टोक हळू ओढायला लागतो, काचेच्या मध्याच्या दिशेने. दोरी जसजशी बाहेर येते तसतशी रबराची आतली पाकळी पत्र्याच्या कडेवरून उलटून आत येते आणि चपखल बसते. बाहेरच्याने नेमकं तिथेच तळहाताने दाबायचं, जिथे आतला ओढतोय. आधी खालची कड पूर्ण, मग दोन्ही बाजू, शेवटी वरची कड.

इथे दोघांमध्ये बोलणं फार महत्त्वाचं. “थांब”, “दाब”, “डावीकडे”, एवढे तीन शब्द पुरतात. दोरी अडकली तर जोर लावायचा नाही, साबणाचं पाणी लावायचं. काच वाकडी बसतेय असं वाटलं तर सगळं काढून पुन्हा. काचेवर बुक्की मारून ती बसवायची नाही, कितीही वैताग आला तरी. लॉक पट्टी असेल तर ती सगळ्यात शेवटी. आणि गाडीच्या मॅन्युअलमध्ये रबराखाली सीलंट लावायला सांगितलं असेल तर तेच, तेवढंच लावा.

झाल्यावर पुन्हा नळीची परीक्षा घ्या, तीच खालून वर.

खरा आजार पत्र्यात

पण थांबा. काढणं आणि बसवणं यांच्या मधली एक पायरी मी मुद्दाम मागे ठेवली, कारण सगळा लेख तिच्यासाठीच आहे.

काच निघाली की चौकटीचा पत्रा पहिल्यांदा उघडा पडतो. अनेक वर्षं कुणी न बघितलेली जागा ती. नशीब चांगलं असेल तर तिथे नुसती माती आणि जुनं सीलंट निघेल. नाहीतर तपकिरी पापुद्रे. कोकणातल्या किंवा गोव्यातल्या किनाऱ्यावर राहिलेल्या गाडीत तर हे बघायची तयारी ठेवाच, खारी हवा पत्र्याला सोडत नाही.

गंज म्हणजे फक्त डाग नाही. लोखंडाचा गंज मूळ धातूपेक्षा जास्त जागा घेतो, म्हणजे पत्र्याची कड फुगते. त्या फुगवट्यावर तुम्ही नवं रबर आणि काच दाबून बसवलीत की काचेवर एकाच ठिकाणी ताण येतो. मग एखाद्या सकाळी, दगड लागलेला नसताना, काचेला कोपऱ्यातून रेघ जाते. आपण म्हणतो काच खराब होती. काच बिचारी ठीकच होती.

म्हणून इथे घाई नको. तारेचा ब्रश आणि पॉलिश पेपर घेऊन गंज चकचकीत पत्रा दिसेपर्यंत घासा. पुसा, पूर्ण सुकू द्या. मग रेड ऑक्साईड किंवा झिंकचा प्रायमर, त्यावर रंग. रंग वाळायला हवा तेवढा वेळ द्या, भले गाडी दोन दिवस चादरीखाली उभी राहो. म्हणूनच हे काम पावसाळ्यात काढायचं नाही, उघडीप बघून करायचं. मेमधला एक शनिवार-रविवार उत्तम.

घासताना ब्रश आरपार गेला किंवा बोटाने दाबल्यावर पत्रा दबला तर तिथेच थांबा. लांबी भरून, वरून रंग मारून ते झाकता येतं आणि तसं करून देणारेही भेटतात. पण ही चौकट म्हणजे छपराला आधार देणाऱ्या खांबांचा भाग आहे. तिथे डेंटिंगवाल्याकडे जाऊन खराब तुकडा कापणं आणि नवा पत्रा वेल्ड करणं, एवढाच मार्ग आहे. खासगी गाडीची नोंदणी 15 वर्षांची असते, पुढे नूतनीकरणाच्या वेळी गाडी तपासली जाते. कुजलेला पत्रा कधी ना कधी उघडा पडतोच. तपासणीत पडला तर बरं, रस्त्यावर पडला तर नाही.

सेकंड हँड गाडी घेणार असाल तर हेच उलटं वापरा. कोपऱ्यातलं रबर नखाने उचलून खाली बघा. तिथे ताज्या काळ्या सीलंटचे लपके असतील, तर विकणाऱ्याला विचारा, “काका, इथे काय झालं होतं?” उत्तराआधी चेहरा बघा.

गोंदाची काच : इथे हात आवरा

आता नव्या गाड्यांकडे येऊ. त्यांची काच पॉलियुरेथेनने पत्र्याला चिकटवलेली असते आणि ती गाडीच्या सांगाड्याचा भाग म्हणून काम करते. गाडी उलटली तर छप्पर दबू नये यात तिचा वाटा असतो. अपघातात आतला माणूस बाहेर फेकला जाऊ नये यातही.

तिसरी गोष्ट एअरबॅग. भारतात 2022 पासून बनणाऱ्या सगळ्या कारमध्ये चालकाबरोबर शेजाऱ्यासाठीही एअरबॅग सक्तीची आहे. शेजारच्या सीटची एअरबॅग अनेक गाड्यांमध्ये डॅशबोर्डच्या वरून उघडते, काचेवर आपटते आणि मग प्रवाशाकडे वळते. म्हणजे काच तिला पाठीमागून आधार देते. गोंद कच्चा असेल तर काच बाहेर जाते आणि एअरबॅगही भलत्याच दिशेला. शेजारच्या सीटवर कोण बसलेलं असतं? तुमचा मित्र, तुमची आई.

म्हणून हे काम यूट्यूब बघून करायचं नाही. पण करून घेताना डोळे उघडे ठेवायला काय हरकत आहे? जुना गोंद किती कापला ते बघा. पत्र्यावरचा सगळा गोंद खरवडून उघडा पत्रा करायचा नसतो, एक-दोन मिलिमीटरचा जुना थर ठेवून त्यावर नवा गोंद लावतात. जिथे पत्रा खरवडला गेला तिथे प्रायमर लागलाच पाहिजे. साफ केलेल्या कडेला कुणी उघड्या बोटांनी हात लावू नये, बोटांचं तेल गोंदाला धरू देत नाही.

आणि सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न : “गाडी किती वेळाने चालवायची?” हा वेळ गोंदाच्या कंपनीने ठरवलेला असतो आणि तो तापमानावर आणि हवेतल्या ओलाव्यावर अवलंबून असतो. एकाच ट्यूबमधून येणारा हा गोंद हवेतला ओलावा घेऊन पक्का होतो. त्यामुळे दमट मुंबईत आणि डिसेंबरच्या कोरड्या थंड नाशकात वेळ सारखा नसतो. “लगेच न्या, काही होत नाही” असं उत्तर मिळालं तर दुसरं दुकान शोधा. पहिला दिवसभर एक खिडकी बोटभर उघडी ठेवा. सगळं बंद असताना दार धाडकन लावलं की आतली हवा काचेला बाहेर ढकलते.

पैशाचं गणित

रबर झिजलं, आक्रसलं, गळायला लागलं, यासाठी विमा कंपनी पैसे देत नाही. ती नेहमीची झीज धरली जाते. अपघातात काच फुटली तर सर्वसमावेशक पॉलिसीत दावा करता येतो. पण त्यातही एक गंमत आहे. काचेवर घसारा कापत नाहीत, रबराच्या वस्तूंवर मात्र 50 टक्के घसारा कापतात. म्हणजे विम्याच्या हिशेबातही रबर आधीच अर्धं संपलेलं धरतात!

काच बदलायची नसून फक्त रबर बदलायचं असेल तर आणखी एक फायदा : काचेवर आतून चिकटवलेला फास्टॅग वाचतो. तो एकदा उखडला की निकामी होतो आणि काच बदलली तर नवा घ्यावाच लागतो.

रबराची किंमत काचेच्या मानाने किरकोळ, मजुरीही फार नाही. खर्च होतो तो उशीर केल्याचा. आधी ओलं मॅट, मग वास, मग वायरिंगमध्ये ओल, मग पत्रा, शेवटी काच. या रांगेत पहिल्या नंबरला थांबवलं तर एका रविवारात सुटतं. पाचव्या नंबरला थांबवलं तर वर्षभराचा पॉकेटमनी जातो.

या रविवारी एवढं करा

– काचेची कड बघून ठरवा : रबराची की गोंदाची.
– रबराची असेल तर चारही कोपरे नखाने उचलून बघा. भेग, कडकपणा, मोकळी फट, तपकिरी रंग.
– वायपरखालच्या जाळीतला पाला हाताने काढा. याला पैसा लागत नाही.
– एका मित्राला बोलवा आणि नळीची परीक्षा घ्या, खालून वर.
– गळत असेल तर खडूच्या खुणेचा फोटो काढून ठेवा. गॅरेजमध्ये ‘कुठूनतरी गळतंय’ म्हणणाऱ्या गिऱ्हाइकाला वेगळं बिल मिळतं आणि ‘उजव्या वरच्या कोपऱ्यातून गळतंय’ म्हणणाऱ्याला वेगळं.
– स्वतः करणार असाल तर उघडीप येईपर्यंत थांबा. तोवर गाडी छपराखाली लावा आणि मॅट बाहेर काढून वाळवा.

दोरी ओढायला एक, बाहेरून दाबायला एक. काम पहिल्यांदाच करत असाल तर अर्धा दिवस धरून चाला. आणि काच निघाल्यावर उघडा पडलेला पत्रा दोघांनीही नीट बघितल्याशिवाय नवं रबर पिशवीतून बाहेर काढू नका.